कागदाच्या वरचं पाणी

बजरंगने पटाशीचं टोक दोन फळ्यांच्या फटीत घातलं आणि हातोडीने हलकेच ठोकलं. फळी जागची हलली नाही. फुगून ती शेजारच्या फळीला अशी चिकटली होती, की सुटायचं नावच घेईना. त्याने पुन्हा ठोकलं, या वेळी जरा रागाने. राग फळीवर नव्हता, स्वतःवर होता. तीन आठवड्यांपूर्वी ही लाकडी जमीन त्यानेच बसवली होती, आणि जाताना उंबऱ्यावर उभं राहून, “मावशी, ह्या जमिनीवर तुमच्या नातवाची नातवंडं रांगतील,” असं सांगून गेला होता. उचलली जीभ, लावली टाळ्याला.

चांगुणा चहाचा पेला पदरात धरून दारात उभी होती. तिच्या मागे धुकं होतं. भंडारदऱ्याच्या पाण्यावरून ते रोज सकाळी चढून यायचं आणि अंगणात बसून राहायचं, उठायचा विचारच नसल्यासारखं. त्यात गोठा दिसत नव्हता, नुसती गाईच्या गळ्यातली घंटा ऐकू येत होती.

“निघंना का रं?”

“निघंल. लाकूड फुगलंय.”

“बाकीचं तर चांगलं हाय.”

“त्येच तर कळंना मला,” बजरंग म्हणाला आणि चहा घेतला.

एवढा एकच कोपरा. चुलीच्या भिंतीला लागून हात-दीड हात जागा, तिथल्याच चार फळ्या फुगून टोकांनी वर उचलल्या होत्या. बाकीच्या खोलीत गोटी सोडली असती तर ती सरळ गेली असती.

फळ्या जुन्या सागवानी होत्या. धरणाजवळच्या एका बंगल्यात चांगुणाने तीस वर्षं झाडलोट केली. बंगला मोडून नवा बांधायला घेतला तेव्हा तिने मालकाकडे दुसरं काही मागितलं नाही, जमिनीच्या फळ्या मागितल्या. कुडाच्या घरात सागवानी जमीन म्हटल्यावर गावाने हसून घेतलं. नाकापेक्षा मोती जड, म्हणाले. ती म्हणाली, “जड तर जड. माझं नाक, माझा मोती.”

मग तिने मिस्त्री शोधला. बजरंग मूळचा पाथर्डीकडचा, कोरड्या मुलखातला. आधी टरबुजं करायचा, मग पुण्याला जाऊन लाकडी जमिनी बसवायला शिकला, आता भंडारदऱ्याच्या हॉटेलांमधून त्याची कामं चालायची. हॉटेलवाल्यांना तो तोडून बोलायचा, या बाईला मात्र पहिल्याच दिवशी मावशी म्हणून मोकळा झाला. त्या दिवशी त्याने घरातली सारवलेली जमीन उकरली, मूठभर माती हातात दाबली, आणि सवयीने बोलून गेला, “वाफसा हाय बर्का.” पेरणीला जशी लागते तशीच ओल, ना चिखल ना धूळ.

“पेरायचं का मंग घरात?” चांगुणा म्हणाली होती. “मिस्त्री बोलवला का औतवाला?”

हसली होती, पण लगेच गप्पही झाली होती. ओलीचं नाव निघालं की ती गप्प व्हायची. बजरंगला ते नवलाचं वाटायचं. त्याच्या गावाकडे ओल लागली तर माणसं एकमेकांना सांगत सुटतात. इथे ओल म्हणजे घरात शिरलेलं जनावर. चार महिने भिंती रडतात, गोधड्या वाळत नाहीत, आगपेटी पेटत नाही. म्हणून त्याने जमीन चोपून सपाट केली, त्यावर भिंतीपासून भिंतीपर्यंत कागद अंथरला, कागदावर लाकडी पट्ट्यांच्या रिपा, रिपांवर फळ्या. मातीतली वाफ कागदाखाली अडते, लाकडाला लागत नाही. साधं काम होतं. कागद अंथरला ते तीन दिवस चांगुणा लेकीकडे, ज्योतीकडे, श्रीरामपूरला गेली होती. आल्यावर त्याने सांगितलं, “खाली कागद टाकलाय, आता भ्याव न्हाई.” ती बरं म्हणाली.

पहिली फळी अखेर कुरकुरत सुटली. चांगुणा गाईला वैरण टाकायला गेली होती. बजरंगने फळी बाजूला ठेवली आणि खाली वाकून पाहिलं.

पाणी होतं. चांगलं ओंजळभर, काळ्या कागदाच्या खोलगटात साचलेलं. त्याला वाटलं होतं, कागद कुठे तरी फाटला असेल, खालून ओल वर आली असेल. त्याने बोटं फिरवून कागद चाचपला. कुठेही फाटला नव्हता. पाणी कागदाच्या वर होतं. म्हणजे ते मातीतून आलं नव्हतं.

त्याने मान वर करून कौलं पाहिली. दसऱ्यापासून पावसाचा थेंब नाही, आणि कौलाखालचा वासा कोरडा ठणठणीत. मोरी तर घराच्या दुसऱ्या टोकाला. डोकं चालेना, तेव्हा त्याने फडक्याने पाणी टिपून घेतलं आणि फडकं घाईघाईने खिडकीबाहेर पिळलं. का लपवावंसं वाटलं, हे त्याचं त्यालाही सांगता आलं नसतं.

चांगुणा आत आली. “ओल हाय का?”

“थोडी हाय.”

ती मटकन खाली बसली. “खोटं बोलू नगं, मिस्त्री. गुरवारी ज्योतीला आनायचीय. सातवा सरत आला. आठव्यात लेकीला आनत न्हाईत, तुला ठावं हाय. गुरवारपस्तोर जमीन कोरडी न्हाई झाली तर ती तिकडंच राह्यची.”

“हुईल की मावशी.”

“माझं पैलं लेकरू ओलीनं गेलं,” ती म्हणाली. “श्रावनातलं हुतं. खाली जमीन ओली, वर गोधडी ओली. छाती भरली. त्या बंगल्यात सायबाचं पोर उघडं जमिनीवर लोळायचं. साधी शिंक न्हाई कधी. मी पुसता पुसता बघायची. आता माझ्या ज्योतीचं लेकरू कोरड्यात निजायला पायजे. मला दुसरं काय बी नको.”

बजरंग उठून कामाला लागला. त्याने चारही फळ्या काढून उन्हात ठेवल्या, निघाल्या त्याच क्रमाने. ऊन दुपारी दोन तास पडलं आणि गेलं. संध्याकाळी त्याने फळ्या नुसत्या टेकवून ठेवल्या, खिळे मारले नाहीत. कागद कोरडा होता, त्याने स्वतः हात फिरवून पाहिलं. आता उद्या सकाळी पाणी दिसलं तर ते कुठून येतं ते बघायचं. पुन्हा खाली गावात जाण्यापेक्षा तो तिथेच पडवीत आडवा झाला. खोलीचं दार समोरच होतं.

उजाडता उजाडता त्याला जाग आली ती धुराच्या वासाने. चूल पेटली होती. धुकं पडवीत आलं होतं, त्याच्या पांघरुणावर, पायांशी, आणि दारातून आत खोलीतही गेलं होतं, त्यामुळे खोली कुठे संपते आणि डोंगर कुठे सुरू होतो ते समजत नव्हतं. त्या सगळ्या पांढऱ्यात चांगुणा चुलीवरून पितळी तांब्या घेऊन उठली. तांब्यातून वाफ निघत होती. ती कोपऱ्यात जाऊन उकिडवी बसली. पाण्यात कोपर बुडवून पाहिलं, जरा थांबली, पुन्हा पाहिलं. मग तांब्या कलता केला. धार अगदी बारीक होती, आणि दुसरा हात धारेखाली धरला होता, पाणी एकदम पडू नये म्हणून. तिचे ओठ हलत होते. पाणी फळ्यांच्या फटीतून खाली गेलं.

बजरंगला आधी वाटलं, आपण झोपेतच आहोत. मग तो उठून बसला. चाहूल लागून चांगुणाने वळून पाहिलं. दचकली नाही, तांब्याही लपवला नाही.

“वार हाय तिथं,” ती म्हणाली. “माझ्या पैल्याची.”

त्याला सगळं सांगायची गरज नव्हती. त्याच्या गावातही आधी असंच होतं. बाळामागून पडलेली वार बाळंतिणीच्या खोलीतच कोपऱ्यात पुरायची, आणि बाळाच्या न्हाणाचं पाणी त्या जागेवर सोडायचं.

“अकराव्या दिशी गेलं,” ती म्हणाली. “दुसऱ्या दिशी बारसं हुतं, पाळना बी बांधलेला. त्येला मातीत ठिवून मानसं आली तवा न्हानाचं पानी चुलीवर तसंच हुतं. ऊन. कुटं वतनार? वतलं हितंच. मंग दुसऱ्या दिशी बी ठिवलं चुलीवर.”

“किती वर्सं झाली?”

“बेचाळीस. ज्योती चवदा वर्सांनी झाली, ती राजूरच्या दवाखान्यात. तिची वार तिकडंच गेली. हितं ह्यो एकटाच हाय.”

बजरंग उठून आत आला. कळलं ते बरं झालं असं त्याला वाटायला हवं होतं. काम चुकलं नव्हतं, कागद शाबूत होता, लाकूड चांगलं होतं.

“पन मावशी,” तो सावकाश म्हणाला, “ओल नको म्हनून एवढी जमीन केली तुमी. आन् तुमीच पानी वतता?”

चांगुणाने त्याच्याकडे असं पाहिलं, की एवढं साधं याला कसं कळत नाही.

“ती ओल गार असती, मिस्त्री. ह्ये ऊन पानी हाय.”

बजरंग वाकला आणि त्याने टेकवलेली फळी उचलली. सांगण्यापेक्षा दाखवलेलं बरं. काळ्या कागदावर पाणी पसरून राहिलं होतं. त्यातून अजून थोडी वाफ येत होती.

चांगुणाने बोट लावून पाहिलं. “खाली का जाईना ह्ये?”

“खाली कागद हाय ना.”

“कागद भिजतो की. मी पेटीत घालती, पावसाळ्यात लगदा हुतो त्येचा.”

“आमच्याकडं ह्यालाच कागद म्हनत्यात. टरबुजाच्या वावरात आंथरतो आमी. त्याच्यातून पानी खालनं वर येत न्हाई, आन्…” तो थांबला. “आन् वरनं खालीबी जात न्हाई.”

“ह्ये तर मेनकापड हाय,” चांगुणा म्हणाली.

तिने हात मागे घेतला. चुलीत लाकूड तडतडलं. बाहेर गाईची घंटा एकदा वाजून थांबली.

“म्हंजी तवापासनं…” ती म्हणाली. “त्येला पोचलंच न्हाई.”

बजरंगने आयुष्यात करपलेली पिकं पाहिली होती, बापाला खांदा दिला होता. पण इतकं वाईट त्याला कधी वाटलं नव्हतं. आपण चांगुलपणाने, मन लावून, एकही भोक न ठेवता अंथरलेली एक वस्तू या बाईच्या आणि तिच्या लेकराच्या मध्ये येऊन बसली होती. सगळ्या कागदांचा, सगळ्या लाकडांचा त्याला राग आला.

तो अंगणात लावलेल्या आपल्या गाडीपाशी गेला. हत्यारांच्या पिशवीच्या तळाशी पत्र्याचा एक जुना डबा होता, तळ गोल, बाहेरून धुराने काळा. टरबुजाच्या वेळचा. डब्यात निखारे भरायचे, मूठ धरून डबा कागदावर टेकवायचा, की गोल भोक पडतं, आणि त्या भोकात रोप लावायचं. अशी हजारो भोकं त्याने पाडली होती. पुण्याला गेल्यावर डबा टाकून द्यायचं राहून गेलं होतं, आणि पुढे टाकवला नाही.

“थोडं इंगळ द्या,” तो म्हणाला.

चांगुणाने चिमट्याने निखारे घातले. बजरंगने कागद पुसून कोरडा केला.

“कुटं नेमकं?”

तिने अजिबात विचार न करता बोट ठेवलं. त्याने डबा तिथे टेकवला. कागद आकसून गोल सुटला आणि खालची माती दिसली, काळसर, थंड. मग त्याने नळाच्या पाइपचा वीतभर तुकडा कापून त्या भोकात उभा रोवला, कागदाची कड पाइपभोवती वर घेऊन चिकटपट्टीने घट्ट बांधली, एक पदर, दुसरा, तिसरा. आता पाइपातलं पाणी थेट मातीत जाणार होतं आणि मातीतली वाफ पाइपापुरती राहणार होती. वरच्या फळीला त्याने गोल भोक कापून त्याच तुकड्याचं झाकण केलं, दोऱ्याची मूठ लावली. धुकं विरळ होत गेलं आणि गोठा दिसायला लागला.

“लेकराला कोरडं ऱ्हाईल ना?” चांगुणाने विचारलं.

“दोघांनाबी जसं पायजे तसं ऱ्हाईल,” बजरंग म्हणाला. “झाकन मातर लावत जावा. आना आता पानी.”

तिने नवं पाणी ठेवलं, तापल्यावर कोपर बुडवून पाहिलं, आणि पाइपात सोडलं. दोघांनी कान दिला. आधी पत्र्यावर पडल्यासारखा आवाज आला, मग तो बदलला. माती पाणी ओढून घेत होती. तो आवाज बजरंगच्या ओळखीचा होता. लहानपणी त्यांच्या गावाकडे पाट सुटला की माणसं बांधावर बसून तो ऐकायची.

“गेलं,” तो म्हणाला.

चांगुणाचे डोळे भरून आले होते. तिने ते पुसले नाहीत. ती उठली, हंड्यातून तांब्या भरला आणि पुन्हा चुलीवर ठेवला.

“झालं की मावशी आता.”

“एकवीस दिसांचं पानी राह्यलंय त्येचं,” ती म्हणाली.

एवढं पाणी एका जागी म्हणजे खालची माती चिखल होणार, हे बजरंगला पक्कं माहीत होतं. ज्योती यायला तीन दिवस होते आणि चार फळ्या ठोकायच्या बाकी होत्या. त्याने हातोडी भिंतीशी ठेवली, पडवीतून दोन जाड लाकडं आणून चुलीत सारली, आणि फुंकणी घेऊन तिच्याजवळ बसला.