पाटीवरचं आणि ओठांवरचं

गुडघे टेकायला माझी ना नव्हती. विनोदी मूकपटात धडपडायचेच पैसे मिळतात. पण केस कापलेल्या, सिगारेट ओढणाऱ्या फ्लॅपर पोरीने शेवटी अ‍ॅप्रन बांधून बापाची माफी मागायची, हे कळल्यावर माझं डोकं फिरलं. लॉस एंजेलिसमधल्या सगळ्या स्टुडिओंत हेच चालायचं. पोरीने चार रिळं नाचायचं आणि पाचव्यात शहाणं व्हायचं.

माझे खरे पपा, अ‍ॅक्सेल लिंडक्विस्ट, कॅमेऱ्याला खेटून खुर्ची टाकून बसलेले. मी एकवीसची नव्हते, म्हणून करारावर सही त्यांची आणि पगारही त्यांच्याच खिशात. मी केस कापले तेव्हापासून त्यांनी माझ्याशी अबोला धरला होता.

"मी माफी मागणार नाही," मी दिग्दर्शक कॉबना सांगितलं.

"हल्डा, तोंड रडवेलं कर आणि खुशाल पाढे म्हण. ऐकतंय कोण? माफीचे शब्द लिहिलेली पाटी मी नंतर मध्ये घालतो."

कॅमेऱ्याचा दांडा फिरू लागला. नटांना रडू यावं म्हणून सेटवर बसवलेल्या व्हायोलिनवाल्याने रडका सूर धरला. मी पडद्यावरच्या बापासमोर गुडघे टेकले आणि त्याच्या खांद्यावरून थेट पपांकडे बघितलं.

"पपा, मी माफी मागणार नाही. केस माझे आहेत. शनिवारपासून माझा पगार मी घेणार आणि वेगळी खोली बघणार."

बोलता बोलता मला खरंच रडू फुटलं. पपा ताडकन उठले, तर कॉबनी त्यांचा कोट ओढून त्यांना खाली बसवलं. असं अस्सल रडणं कोण वाया घालवेल?

शनिवारी पगार पपांनीच उचलला. "व्हायोलिन केवढ्यानं वाजत होतं. मला काही ऐकू आलं नाही," अबोला सोडून म्हणाले. चर्चमध्ये मात्र सांगत सुटले, पोरीने माफी मागितली, पडद्यावर बघा.

चित्रपट लागला तेव्हा मला शेजारी बसवून पपा ऐटीत बसले. 'पपा, माझं चुकलं!' अशी पाटी आली आणि बायकांनी डोळे पुसले. पुढच्या दोन रांगा मात्र खदखदून हसत होत्या. दिवे लागल्यावर त्या रांगांतली माणसं माझ्याकडे वळून उभी राहिली आणि रुमाल हलवू लागली.

"हे काय चाललंय यांचं?" पपांनी विचारलं.

"बहिऱ्यांच्या शाळेतली मंडळी आहेत. टाळ्यांऐवजी रुमाल हलवतात. आणि ओठ वाचतात."

पपांचा चेहरा उतरला. "म्हणजे आता गावभर होणार."

"होऊ दे. उद्यापासून पाटीवर विश्वास ठेवणारे तुम्हीच तेवढे उरणार, पपा."