ठरल्यानंतरची सुनावणी

भूगर्भशास्त्र शिकवत म्हणून विद्यापीठात त्यांना सगळे दगडसर म्हणत. पहिल्याच तासाला तेच सांगून टाकत, "माझ्या डोक्यातही तेच भरलेत, सांभाळून घ्या." अशा माणसाला शिस्तपालन समितीवर का घेतलं, हे त्यांनाच कळत नव्हतं. "तू कुणाला नाही म्हणत नाहीस ना, म्हणून," असं बहीण म्हणाली, तेव्हा ते हसले होते.

त्या दुपारी आईच्या डोळ्याचं ऑपरेशन होतं. बहीण दवाखान्यातून सारखी फोन करत होती. समितीसमोर एकच प्रकरण होतं. परीक्षेत एका मुलीच्या कॅल्क्युलेटरच्या कव्हरात चिठ्ठी सापडली होती. मुलगी बाहेर बाकावर आपल्या आईला घेऊन बसली होती आणि आत चहा आला होता.

"उघडउघड आहे सगळं," अध्यक्षबाई बिस्कीट बुडवत म्हणाल्या. "दोन वर्षं बाहेर. काय?"

परीक्षाप्रमुख हो म्हणाले. दगडसरांनी घड्याळाकडे बघत मान डोलावली.

"मग तिला आत कशाला बोलवायचं?" परीक्षाप्रमुखांनी विचारलं.

"ऐकून घेतलं असं लिहावं लागतं हो."

मुलगी आत आली. बस म्हटल्यावरही उभीच राहिली.

"मॅडम, ती चिठ्ठी मला एकदा बघायला मिळेल?"

"ती परीक्षा विभागात आहे."

"मग पर्यवेक्षकांना एक विचारता येईल? मी ती बाहेर काढलीच नव्हती. अभ्यासाच्या वेळची होती, कव्हरात राहून गेली. त्यातलं पेपरात काही आलंही नव्हतं."

"ते रजेवर आहेत. अजून काही?"

अजून बरंच होतं. मुलगी न अडखळता, पाठ करून आल्यासारखी बोलत राहिली. अध्यक्षबाई मोबाइल चाळत होत्या. दगडसर खुर्चीत पुढे सरकले. आता बोलावं, आता बोलावं म्हणेपर्यंत तिचं संपलंसुद्धा.

"तुम्ही सगळ्यांनी ऐकून घेतलंत, बरं वाटलं," ती म्हणाली. दारातून आईनेही हात जोडले.

दवाखान्यात बहिणीने विचारलं, "तोंड का रे उतरलंय?"

"काही नाही. एका मुलीचं ऐकून घेत होतो," ते म्हणाले, आणि स्वतःच्याच शब्दांचा त्यांना चटका बसला.

समितीचा निकाल लागला तसं मुलीला वसतिगृह सोडावं लागलं. मायलेकी गादीची गुंडाळी टेम्पोत चढवत होत्या, तेव्हा दगडसर फाटकातून आत येत होते. मदतीला जायचं सोडून ते खांबाआड झाले. टेम्पो गेला. मग ते तडक कुलगुरूंकडे गेले.

"तिला बोलवायच्या आधीच आमचं ठरलं होतं," ते म्हणाले.

"तुम्ही तेव्हा बोलला का नाहीत?"

"आईचं ऑपरेशन..." त्यांनी सुरुवात केली आणि मान खाली घातली. "नाही, ते निमित्त. वाईटपणा नको होता, एवढंच."

कुलगुरूंनी निकाल रद्द केला आणि नवी समिती नेमली. या समितीने चिठ्ठी मुलीसमोर ठेवली, पर्यवेक्षकांना बोलावलं, प्रश्नपत्रिका ताडून पाहिली. चिठ्ठी तिचीच होती, ती आत नेणं चूकच होतं. पण नक्कल झाली नव्हती. तेवढा एक पेपर रद्द झाला. वसतिगृहातली खोली मात्र तोवर दुसऱ्या कुणाला दिलेली होती. अध्यक्षबाईंनी दगडसरांशी बोलणं टाकलं, आणि त्याचं त्यांना फारसं काही वाटलं नाही.

महिन्याभराने झेरॉक्सच्या दुकानात ती मुलगीच समोर आली.

"सर, परत सुनावणी झाली ती तुमच्यामुळे, असं कळलं."

आभार मानायच्या आत त्यांनी तिला थांबवलं. चहा, बिस्किटं, डोलावलेली मान, सगळं सांगितलं.

"म्हणजे मी आत यायच्या आधीच?" तिचा आवाज एकदम बारीक झाला. "सर, मी आदल्या दिवशी आईला खुर्चीत बसवून बोलायचा सराव केला होता. ती अध्यक्ष झाली होती."

माफी मागायची म्हणून आलेले शब्द दगडसरांना स्वतःलाच फार स्वस्त वाटले. दुकानदाराने दिलेले कागद तिने पिशवीत घातले.

"आईला हे सांगू नका कधी," ती म्हणाली. "त्या तिघांत दगडसर तेवढे देवमाणूस, असं ती अजून म्हणते."