बियाण्यात गेलेला थिरखडा

खुशबूचा दुसरा दुधाचा दात न्याहारी आणि आंघोळीच्या मधल्या वेळात पडला, तेव्हा तिच्या आईनं, रीनानं, तिचं तोंड उघडून पाहिलं. पहिला सकाळीच चहाच्या बशीत पडला होता. सहा वर्षांच्या पोरीचे दात पडायचेच, त्यात नवल नाही. पण एका सकाळी दोन, आणि पडल्या जागी लगेच नवा? रीनानं शाळेचा फ्रॉक तिच्या अंगाला लावून पाहिला. सोमवारी गुडघ्याखाली येणारा फ्रॉक मांडीवर आला होता.

"आई, हा मले तंग होऊन राहिला," खुशबू म्हणाली.

रीना धावतच ढोलीकडे गेली. शेणानं लिंपलेल्या त्या बांबूच्या कोठीत बियाण्याचं धान असायचं, आणि धानाच्या पोटात घरचा थिरखडा. बोराएवढा मातकट दगड, फुकट दिला तरी कोणी घेऊ नये असा. पण घरातला वेळ ताळ्यावर ठेवायचा तो त्यानंच. थिरखडा गेला की वेळ सुटलाच म्हणून समजा, दावं तोडलेल्या गोऱ्ह्यासारखा.

दगड तसा दुर्मिळ. गोंदिया जिल्हा वेगळा झाला त्या साली जिल्ह्याच्या फायली वाटल्या, टेबलं वाटली, जीपगाड्या वाटल्या. थिरखड्यांची वाटणी झाली नाही, कारण आपल्याकडे आहे असं कबूल करायला एक माईचा लाल पुढे आला नाही. मग चोर फिरू लागले, आणि रीनाच्या गावच्या, एकोडीच्या, बायांनी नियमच करून टाकला: त्याचं नाव काढायचं नाही, बाहेर नाही, घरातही नाही. पेरणीच्या आदल्या दिवशी मोठ्या बाईनं तो धानातून गुपचूप काढायचा, बी भिजत घातलं की गुपचूप परत ठेवायचा. विचारणं नाही, सांगणं नाही. शहाणपणाचा नियम होता. शहाणपणच कधी कधी घर बुडवतं.

रीनानं कोपरापर्यंत हात घालून ढोलीचा तळ खरवडला. काही नाही.

"आत्या!" तिनं सासूला हाक मारली. सुमनबाई गुडघे धरत आल्या. "तुम्ही काढला नव्हता का तो?"

सुमनबाईंचा चेहरा उतरला. "मी तं अवंदा घर तुले सोपवलं ना वं. म्हटलं, तूच काढला असशील."

"मले वाटलं, तुम्ही."

दोघींच्या वाटण्या-वाटण्यात थिरखडा भिजल्या बियाण्याबरोबर परे, म्हणजे लावणीची रोपं, टाकले त्या वाफ्यात गेला होता. त्याला आठ दिवस झाले होते.

"आठ दिवस घर जुन्या सवयीवर चालते," सुमनबाई म्हणाल्या. "मंग सुटते. ज्याचं मूळ उथळ, त्याचं आधी."

मूळ उथळ कोणाचं? रोपांचं आणि लेकरांचं. रीनाला पुढचं ऐकवेना. नवरा संघपाल साकोलीला ड्यूटीवर होता. त्याला फोन करून तरी तो काय करणार, एसटीत बसून वेळ धरून ठेवणार? तिनं खुशबूला दोन्ही खांद्यांना धरून ओट्यावरून आत नेलं. या घडीला पोरगी कुठे भरकटली तर, या एकाच भीतीनं ती म्हणाली, "इथंच बस. काही झालं तरी उंबरठा ओलांडू नको. हे गेली अन् हे आली मी."

परे घराच्या मागच्या दाराशीच होते. काल हिरवी असलेली रोपं लोंबीला येऊन, पिवळी पडून, आडवी झाली होती. मधोमध सुपाएवढी जागा मात्र वीतभर हिरवीगार उभी होती. थिरखडा तिथेच होता, त्यात शंका नव्हती. पण चिखलात बोराएवढा दगड शोधायचा कसा? ओळख एकच: मुठीत धरला की छातीची धडधड ठिकाणावर येते. रीना गुडघ्यांवर बसली. सासू शेजारी बसली. ढेकूळ उचलायचं, मूठ आवळायची, छातीकडे लक्ष द्यायचं. धडधड. टाकून द्यायचं. दुसरं ढेकूळ. धडधड. तिला वाटलं, आपली छाती एवढी भ्यायलेली आहे की खरा खडा हातात आला तरी कळायचं नाही. देवाधर्माच्या भानगडीत न पडणारं घर ते, पण त्या दोन तासांत तिनं कोणाकोणाला हात जोडले, ते तिलाच ठाऊक.

आणि मग एका मुठीत छाती शांत झाली. एकदम, दमलेल्या माणसानं खाट गाठावी तशी.

"सापडला!" ती ओरडली, आणि तेवढ्यात तिच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. हा तुकडा हिरवा राहिला, कारण इथे वेळ धरलेला होता. आपण दोघी इथे होतो. पोरीला सोबत आणलं असतं, नुसतं कडेवर घेऊन बसलो असतो, तरी भागलं असतं. आपण तिला नेमकं वेळ सुटलेल्या घरात बसवून आलो.

ती धावली.

मागच्या दारात, उंबरठ्याच्या आत, रीनाचीच मॅक्सी घातलेली एक पोरगी उभी होती. उंची रीनाच्या खांद्याला लागेल एवढी. वेणी तिनं स्वतः घातली होती. भांग वाकडा होता. मागे ढोलीचं झाकण उघडं होतं आणि खाऊन खाऊन धान तळाला गेलं होतं.

रीनानं थिरखडा तिच्या तळहातावर ठेवला आणि तिची बोटं मिटून घेतली. घर थांबलं. जे गेलं ते गेलं.

"खुशबू," रीना रडत म्हणाली, "दोनच तास झाले वं बाई."

"तुले दोन तास." पोरीचा आवाजही बदलला होता. "मी इथूनच पाहे. तुझा हात चिखलात जाऊन वर यायले दोन-दोन दिवस लागत. मी लय हाका मारल्या. तू वाकलेलीच."

"मंग आली काहून नाही माझ्याजवळ?"

"तूच म्हटलं होतं, उंबरठा ओलांडू नको."

रीनानं तिला छातीशी ओढलं. पोरगी आली, पण पाहुणीसारखी, हात बाजूला सोडून. मग आईच्या पाठीवर दोनदा थोपटून, समजूत काढावी तसं ती म्हणाली, "रडू नको आई. पहिले दोन वर्षं मीही रडली. मंग सवय झाली."