पितळी डब्याची जागा

"हा सूर आमच्याकडे नाहीच," बार्टेलने कागद दिव्याजवळ नेला. "बाहुल्यांची चाल गोड आहे हो, रेनियर. माझी नातवंडं दिवसभर गुणगुणतात. पण तिसऱ्या ओळीत खर्ज जिथं उतरतो, तिथं आपल्या ऑर्गनला नळीच नाही. मी भोक पाडू कुठं?"

हार्लेमच्या चौकात दर शनिवारी उभ्या राहणाऱ्या चाकांच्या ऑर्गनसाठी बार्टेल जाड पुठ्ठ्याच्या घडीपट्ट्या कापत असे. पट्टीतल्या प्रत्येक भोकामागे एक सूर. रेनियरने आयुष्यभर सगळ्यांसाठी सूर रचले होते: गुप्तहेरांच्या मालिकेसाठी, दूरचित्रवाणीवरच्या बाहुल्यांसाठी, ताकाच्या जाहिरातीसाठी, पुराने गिळलेल्या गावावरच्या चित्रपटासाठी. प्रत्येक चालीत तिसऱ्या ओळीशी एक अनोळखी वळण येई. उन्हातून चालताना अवचित सावली अंगावर यावी तसे. समीक्षक त्यालाच त्याची सही म्हणत. त्या सहीपायीच त्याची एकही चाल ऑर्गनवर चढली नव्हती.

आणि थोरल्या बहिणीच्या, कोरीच्या लेखी ऑर्गनवर न चढलेली चाल ही चालच नव्हे. त्यांचे वडील त्याच ऑर्गनपुढे पितळी डबा तालात खुळखुळवत नाणी गोळा करीत. "सिनेमात तुझं वाजतं तेव्हा लोक नटीकडे बघत असतात, रेन्या," ती म्हणे. "बाजारात वाजू दे, मग सांग." येत्या शनिवारी ती ऐंशीची होणार होती, आणि तिची खिडकी चौकावरच उघडत होती.

"दुसरी एखादी द्या ना," बार्टेल अजिजीने म्हणाला. "मलाही वाईटच वाटतंय."

दुसरीतही तेच वळण होते. रेनियरने पेन्सिल उचलली आणि बाहुल्यांच्या चालीतली आपली सही खोडली. तिच्या जागी काहीच लिहिले नाही.

"इथं काय कापू?"

"काही नको. कोरं ठेव."

"अहो, लोकांना वाटेल ऑर्गन बिघडला!"

"वाटू दे. तिथं डबा वाजेल."

शनिवारी कोरीच्या खोलीत खुर्च्यांचे वर्तुळ मांडलेले होते. वाढदिवस तिचा, पण डच रिवाजाप्रमाणे सगळे एकमेकांचेच अभिनंदन करीत होते. रेनियरच्या बशीतला सफरचंदाचा केक तसाच राहिला होता.

"कशाला सारखा खिडकीशी घुटमळतोयस?"

"काही नाही गं ताई. जरा खाली जाऊन येतो."

"केक उरणार नाही हं. मग बोंबलू नकोस."

खाली त्याने ऑर्गनवाल्याकडून डबा मागून घेतला. चाक फिरू लागले. दोन ओळी अशा उसळल्या, की मासळीच्या गाड्यापुढची रांग डोलू लागली. मग तिसरी ओळ आली, आणि ती कोरी जागा. रेनियर वर पाहत होता. हात हलवायचा राहूनच गेला. चौक क्षणभर मुका झाला आणि चाल पुढे निघून गेली.

वरची खिडकी धाडकन उघडली.

"रेन्या! झोपलास का? ती डब्याची जागा होती! बाबा कधी चुकले नाहीत!"

सारा चौक हसला. रेनियरही हसला, कान लाल झाले, डोळे भरून आले. चाल पुन्हा फिरून तिसऱ्या ओळीशी आली. या वेळी डबा नेमका त्या पोकळीत खणखणला, आणि दोन म्हाताऱ्या पिशव्या खाली ठेवून एकमेकींना धरून गिरक्या घेऊ लागल्या.

त्याच्या बुटापाशी काहीतरी टपकन पडले: कागदात गुंडाळलेले नाणे. माडीवरची माणसे त्याच्या वडिलांकडे असेच टाकत. नाणे त्याने डब्यात टाकले. केकच्या लोण्याने ओशट झालेल्या त्या कोऱ्या कागदाची नीट घडी करून ती कोटाच्या आतल्या खिशात ठेवली.

वर कोरी चमच्याने खिडकीच्या चौकटीवर ताल धरीत होती.