मुठेल बसेपर्यंत
संदेशने कॅमेरा चुलीजवळ नेला आणि गंगुबाईंनी टोपावरचं झाकण काढलं. आतलं मळकट लाल पाणी नुसतंच हललं.

"आज पण नाय बसला तेल," त्या म्हणाल्या. "उद्या बघूया."

सलग दुसरा दिवस. रातांब्याच्या, म्हणजे कोकमाच्या, बिया कुटून उकळायच्या, रात्रभर निवू द्यायच्या, सकाळी वर थिजलेलं तेल काढून मुठीत दाबून गोळे करायचे, तेच मुठेल. एका साबणाच्या कंपनीसाठी ते चित्रित करायला संदेश मालगुंडजवळच्या या वाडीत आला होता. झाडं, फळं, बिया कुटणारे हात, सगळं मिळालं होतं. फक्त मूठ राहिली होती.

सहा वर्षं तो हेच करत होता. शिकेकाई, रिठा, वाळा. लोकांच्या न्हाणीघरातल्या वस्तू कुठल्या मातीतून येतात ते टिपत गावोगाव फिरायचा. संध्याकाळी लॉजवर भिंतीकडे तोंड करून जेवायचा. बायको वेगळी झाल्यापासून 'पोचलास का' म्हणून विचारणारा फोनही येत नसे.

गंगुबाई मात्र विचारायच्या, "न्याहारी केलीस?" मग घावणे, कोरा चहा, आणि वारलेल्या नवऱ्याच्या बोटीवरच्या नोकरीच्या गोष्टी. वाडीतली बाकीची घरं गणपतीला आणि शिमग्याला तेवढी उघडत.

तिसऱ्या दिवशी तो जरा लवकर पोचला. पुढचं दार लोटलेलं होतं, म्हणून मागच्या पडवीत गेला. गंगुबाई विहिरीवर असाव्यात. रहाटाचा आवाज येत होता. कोपऱ्यात सुपावर फडकं झाकलेलं होतं. वाऱ्याने त्याचं टोक उलटलं. खाली फिकट पांढरे गोळे होते, बोटांचे ठसे उमटलेले. पंधरा-वीस तरी. काही सुकलेले, काही अजून ओलसर.

तो बघत राहिला. मग फडकं नीट केलं, पुढच्या अंगणात आला आणि मोठ्याने खाकरला.

गंगुबाई पदराला हात पुसत आल्या.

"आज पण..." त्या त्याच्याकडे न बघता म्हणाल्या.

"नाही बसलं?"

"नाय रे बाबा."

तेवढ्यात फोन वाजला. कंपनीतली अक्षया होती. शेवटचा शॉट आजच हवा होता.

"आज नाही जमणार," संदेश म्हणाला. "इथे ढग आलेत. उजेडच नाही."

"मग पुढच्या कामाला मला दुसरा कॅमेरामन बघावा लागेल."

"बघा," तो म्हणाला आणि फोन खिशात टाकला.

गंगुबाई खांबाला धरून उभ्या होत्या. त्यांनी अंगणाकडे पाहिलं. कुंपणाच्या चिऱ्याच्या गडग्यावर लख्ख ऊन पडलं होतं, वाळत घातलेली आमसुलं चमकत होती.

त्या आत गेल्या. तांदूळ धुतल्याचा आवाज आला. मग आतूनच त्यांनी विचारलं,

"कालवण तिखट चालता ना तुला?"