रिबिनीची दुसरी बाजू

चर्चमध्ये चुलतभावाने पुष्पचक्र शवपेटीपाशी ठेवलं, रिवाजाप्रमाणे रिबिनीवरच्या दोन ओळी मोठ्याने वाचल्या, मान लववली आणि तो जागेवर गेला. मग शेजारणीने तिची रिबीन वाचली. पेटीत हिल्क्का होती. पहिल्या बाकावर तिचा नवरा ओइवा बसला होता. बेचाळीस वर्षांचा संसार. तो रडत नव्हता. थिएटरची माणसं कधी पुढे येतात याची तो वाट बघत होता.

हिल्क्काने शहराच्या थिएटरात चौतीस वर्षं काढली, नाटक-चित्रपट मिळून सदतीस भूमिका केल्या. बहुतेक वेळा हातात कॉफीचा ट्रे. मोलकरीण, नर्स, घरमालकीण, पुन्हा मोलकरीण. पडद्यावर नाव आलंच तर अगदी शेवटी, लोक कोट चढवून निघायला लागल्यावर. ओइवाला आता एवढंच हवं होतं, की आज तरी तिचं नाव तिच्या कामासकट कुणीतरी मोठ्याने घ्यावं.

थिएटरचे संचालक लिंडरूस पुढे आले. भलंमोठं पुष्पचक्र, रुंद पांढरी रिबीन. त्यांनी घसा साफ केला.

"प्रिय हिल्क्का हिला, आमच्या अविस्मरणीय पोस्टमास्तरणीला. कृतज्ञ थिएटर."

मागे कुणीतरी खोकलं.

नाटकात पोस्टमास्तरीण झाली होती ती आउने, थिएटरचीच नटी. ती तिसऱ्या बाकावर चांगली जिवंत बसली होती, काळी टोपी घालून. हिल्क्का त्या नाटकात पोस्टमास्तरणीची मोलकरीण होती. दोघींचा फोटो थिएटरच्या दारात वीस वर्षं टांगलेला आहे आणि खालची नावं उलटसुलट आहेत. हिल्क्काने तीनदा सांगितलं होतं. "बदलू," असं तीनदा उत्तर आलं होतं.

ओइवा उठला. "परत वाचा."

"ओइवा, तुमच्या दुःखात आम्ही सगळे..."

"दुःख राहू द्या. वाचा."

लिंडरूसनी वाचलं. या वेळी आवाज निम्मा झाला होता.

ओइवाने ते पुष्पचक्र उचललं आणि आउनेच्या पायाशी नेऊन ठेवलं. "घे बाई. तुझंच आहे. जिवंतपणी मिळालं, नशीब काढलंस."

"ओइवा, लोक बघताहेत," त्याची बहीण कुजबुजली.

"बघू देत. थिएटरवाले आहेत, त्यांना सवय आहे."

आउने उभी राहिली. "ह्याचं बरोबर आहे. तिसऱ्या अंकात माझी वाक्यं डोक्यातून साफ गेली होती. हिचा प्रवेश नव्हता, तरी ही ट्रे घेऊन आत आली. म्हणाली, 'बाईसाहेब, ते पत्र वाचायचं राहिलं ना?' मग मला सगळं आठवलं. टाळ्या मला पडल्या."

"हे आज सांगतेस?" ओइवाचा आवाज वरच्या खिडक्यांपर्यंत गेला. "दर रविवारी आमच्याकडे कॉफी ढोसायला यायचीस. तेव्हा तोंड शिवलं होतं का?"

"लाज वाटायची."

"आणि आता?"

"आता जास्त वाटते."

ओइवा पुन्हा लिंडरूसकडे वळला. पुष्पचक्रावरची रिबीन त्याने ओढून काढली, उलटी केली आणि फरशीवर पसरली. मागची बाजू कोरी होती. सुटाच्या खिशातून त्याने सुतारकामाची चपटी पेन्सिल काढली.

"बसा खाली. लिहा."

"इथे?"

"मग कुठे? तुमच्या कचेरीत तीनदा आली होती ती."

पाद्री जवळ आले. "ओइवा, तीन वाजता दुसरा अंत्यविधी आहे हो."

"ही जन्मभर पडद्यामागे थांबली, पाद्रीबाबा. ते घटकाभर थांबतील."

पाद्रींनी घड्याळाकडे पाहिलं आणि ते बाजूला झाले. लिंडरूस गुडघ्यांवर बसले. रिबीन सुळसुळीत होती, सारखी सरकत होती. आउने आली, कण्हत खाली बसली आणि तिने दोन्ही हातांनी रिबीन ताणून धरली.

"पोस्टमास्तरणीची मोलकरीण," ओइवा सांगू लागला. "दाबून लिहा, उमटत नाहीये. नंतर सॅनेटोरियममधली नर्स. मग हमामखान्यात पाठ चोळणारी बाई. मग बेकरीवाल्याची विधवा बहीण."

"तिला दोन वाक्यं होती," आउने म्हणाली.

"तीन."

पंधराव्या भूमिकेला लिंडरूसनी मान वर केली. त्यांच्या कपाळावर घाम होता. "ओइवा, जागा संपत आली."

"बारीक काढा. अजून बावीस आहेत. झालं की उभं राहायचं आणि वाचायचं. पहिल्यापासून, मोठ्याने."