पाच हजार पावलं, तीन चवी

आमच्या नाहा शहरात रस्त्यात उभं राहून बडबड करण्याचा पगार फक्त चोसेई इनाफुकुला मिळतो. बाकीचे आम्ही ते फुकट करतो. याआधी त्याने नूडल्सचं दुकान काढून बुडवलं. मग तीन तारांचं सान्शिन वाजवायला शिकवण्याचा वर्ग काढला आणि त्यात शिकणाऱ्यांपेक्षा जास्त दांड्या स्वतःच मारल्या. पन्नाशीला टेकल्यावर ओसाकाच्या एका कंपनीने त्याच्या हातात वाटाड्याचा पिवळा झेंडा दिला आणि माणूस सरळ झाला. इस्त्रीचा शर्ट घालू लागला. बायकोने तो शर्ट पाहून विचारलं होतं, कोण गेलं?

कंपनीचं पत्रक असं: ‘जुन्या नाहातून पायी फेरी. पाच हजार पावलं, तीन चवी. दुपारी दोन ते पाच.’ फेरी माझ्या दुकानापासून निघते. लाकडासारखा कडक वाळवलेला कुप्पा मासा मी किसून विकतो. पाहुण्यांना त्या किसाचं गरम कढण वाटीवाटी देतो आणि मग फेरीचं शेपूट होऊन चालतो, कोणी हरवू नये म्हणून. माझं कढण चवीत धरलेलं नाही. पत्रकात त्याला ‘स्वागत’ म्हटलंय. पहिली चव बाजाराच्या मधल्या गल्लीत, शिगे ओबाचे तळलेले गोड गोळे. दुसरी झुकेरानच्या दुकानात, तांदळाची आवामोरी दारू आणि सोबत डुकराच्या कानाची कोशिंबीर. तिसरी त्सुबोयाच्या चढावर, कुंभारांच्या गल्लीच्या टोकाला, कामादो ओबाचं सूप आणि भात. ओबा म्हणजे आजी, पण आमच्याकडे ते नातं नसून हुद्दा आहे.

भानगड होती ती ‘दोन ते पाच’मध्ये.

आमच्याकडे सहाचं लग्न असलं की पत्रिकेत साडेपाच छापतात, कारण लोक उशिरा येतात. छापलेलं खोटं आहे हे लोकांना माहीत असतं, म्हणून ते साडेसहाला येतात. हे नवरदेवाला माहीत असतं, तो पावणेसातला येतो. कोणाचाच वेळ वाया जात नाही. तिकडच्यांना, म्हणजे समुद्रापलीकडच्या मुख्य बेटांवरच्या लोकांना, ही शिस्त कळत नाही. ते दोनला म्हटलं की दोनला येतात आणि वर आपल्याकडे बघतात.

चोसेईची फेरी एकदा चाळीस मिनिटं लांबली, एकदा सत्तर. तिसऱ्या वेळी कामादो ओबाने सूप आटायचंय म्हणून पाहुण्यांना ढोबळ्या मिरच्या चिरायला बसवलं आणि त्यातल्या दोघांचं विमान सुटता सुटता राहिलं. ओसाकाहून पत्र आलं. कुराहाशी नावाचे निरीक्षक येतील, फेरीबरोबर चालतील. पाचच्या पुढे मिनिटभर जरी गेलं तरी झेंडा परत करावा.

चोसेई ते पत्र घेऊन माझ्याकडे आला. मी पंधरा वर्षं त्याला ओळखतो. दुकान बुडालं त्या दिवशी तो हसत होता. झेंडा जाणार म्हटल्यावर मात्र माझ्या दुकानातल्या खोक्यावर तासभर गप्प बसला. चोसेई गप्प बसणं ही आमच्या बाजारात नोंद ठेवण्यासारखी गोष्ट आहे.

मग त्याने वही काढली. शिगे ओबा नेहमी अर्धा तास मागे, झुकेरान सव्वा तास, कामादो ओबा दीड तास. तेव्हा ज्याचा जितका उशीर, तितकी अलीकडची वेळ त्याला सांगायची. शिगेला अडीचऐवजी दोन. झुकेरानला सव्वातीनऐवजी दोन. कामादो ओबाला चारऐवजी अडीच. मी म्हटलं, हुशार आहेस. यात माझा दोष तेवढाच.

त्याची चूक पुढची. तो प्रत्येकाच्या दारात गेला, खोटी वेळ सांगितली आणि निघता निघता त्याला राहवलं नाही. खरं दुखणंही सांगून बसला. नोकरी जाणार आहे, सांभाळून घ्या म्हणाला. एका रोगावर दोन वैद्यांची औषधं एकदम घेतली.

फेरीच्या दिवशी कुराहाशी पावणेदोनला आले. अंगात विमानतळावर घेतलेला फुलाफुलांचा शर्ट, घड्या न मोडलेला. कमरेला पावलं मोजायचं यंत्र, हातात फळीला लावलेला तक्ता. साताठ पाहुणे जमले. बरोबर दोनला कुराहाशींनी यंत्र शून्यावर आणलं, चोसेईने झेंडा उंच केला आणि पाठ केलेलं भाषण सुरू केलं. भाषण वीस मिनिटांचं होतं. जुना राजवाडा, जुना व्यापार, जुनी जहाजं. त्याच्या एरवीच्या बोलण्यात असतात ती माणसं त्यात एकही नव्हती.

दोन वाजून दहा मिनिटांनी जहाजं चीनला पोचत होती, तेवढ्यात गल्लीच्या तोंडातून शिगे ओबा आली. डोक्याला फडकं, हातात पातेलंभर गरम गोळे. आयुष्यात पहिल्यांदा ती वेळेवर तयार होती आणि कोणी आलं नव्हतं. जे दुसऱ्यांना वाट पाहायला लावतात त्यांना स्वतःला वाट पाहायची सवय नसते. पाच मिनिटांत तिचा धीर सुटला. चोसेई अडचणीत असणार, आपणच जावं, असं तिने ठरवलं. गोळे पाहुण्यांच्या हातात गेले. तिच्याकडून एकच घेऊन सुटलेला माणूस अजून जन्मायचा आहे. कुराहाशींच्या तक्त्यावर तेलाचे दोन ठसे पडले.

चोसेईने माझ्याकडे पाहिलं. मी कढण ओतत राहिलो.

वीस मिनिटांनी झुकेरान. दोन्ही काखांत बाटल्या, गळ्यात पिशवी, पिशवीत कोशिंबिरीचा डबा. माणूस सत्तरीचा, सबंध बाजाराने त्याला कधी धावताना पाहिलेलं नाही. तो धापा टाकत म्हणाला की मी दोनपासून दुकानात उभा आहे, उभा, बसलोसुद्धा नाही. चोसेईने त्याला बाजूला घेऊन काहीतरी समजावलं. झुकेरान मोठ्याने म्हणाला, मग तसं सांगायचंस ना. आणि पेले मांडायला लागला.

पाहुण्यांना हा सगळा कार्यक्रमाचाच भाग वाटला. साप्पोरोचं एक म्हातारं जोडपं माझ्या माशांच्या खोक्यांवर ऐसपैस बसलं. बाकीच्यांनी आणखी खोकी ओढली. कुराहाशींनीही एक ओढलं, कारण उभं राहून तक्ता, पेला आणि गोळा सांभाळायला तिसरा हात लागतो.

तीनच्या सुमाराला चाकांचा आवाज आला. आमच्याकडच्या म्हाताऱ्या जी बसायची फळी असलेली ढकलगाडी घेऊन हिंडतात, त्या गाडीत घोंगडीत गुंडाळलेलं सुपाचं भांडं बसलं होतं आणि मागून कामादो ओबा गाडी ढकलत येत होती. वय अठ्ठ्याऐंशी. गेली तीन वर्षं ती त्सुबोयाच्या चढावरून खाली उतरलेली नव्हती. चोसेईच्या हातातला झेंडा आपोआप खाली आला.

“अडीच म्हणालास,” ओबा म्हणाली. “पाच मिनिटं वाट पाहिली. म्हटलं मेला की काय.”

मग सूप झालं, भात झाला. ती बाजाराकडे बघत बसली. छत्रीचं दुकान बंद झालं का, तिथे आता काय विकतात, समोरची भिंत अशी कोणी रंगवली, हे सगळं तिने मला विचारून घेतलं. शेवटचा पाहुणा शेवटचं शीत टिपून घेत होता तेव्हा कुराहाशींनी घड्याळ पाहिलं.

“तीन पंचवीस. तिन्ही चवी झाल्या.” मग कमरेचं यंत्र वाकून वाचलं. “पावलं बारा.”

ती बारा खोकं ओढताना पडली होती.

“पण साहेब, उशीर तर नाही ना झाला?” चोसेईने विचारलं.

“तक्त्यात उशिराचा रकाना आहे. लवकरचा नाही.” कुराहाशी हे अगदी सौम्यपणे म्हणाले. तिकडची माणसं वाईट बातमी देताना फार सौम्य होतात. फेरीच्या नावातच पायी असं आहे, आणि कोणी चाललंच नाही तर ती फेरी धरता येणार नाही, तसं लिहावं लागेल, असं त्यांनी सांगितलं. त्यांनी वेळ लिहिली, खाली रेघ मारली आणि पेनाचं टोपण लावलं.

चोसेईने झेंडा काठीला गुंडाळायला घेतला. नीट, हळू, कडा जुळवून. शर्टाला इस्त्री करतो तसा.

कामादो ओबा उठायला गेली आणि परत बसली. गुडघा धरला. खाली येताना मला हा चढ दिसलाच नाही, म्हणाली. मी तिच्या गुडघ्याकडे पाहिलं, ती दुसरीकडे बघत होती.

तिला वर पोचवणं भाग होतं. चोसेईने तिला गाडीच्या फळीवर बसवलं. भांडं कोणी घ्यायचं हा प्रश्न आला. शिगे ओबाच्या हातात तिचं पातेलं होतं, झुकेरान बाटल्या गोळा करत होता. साप्पोरोचे आजोबा म्हणाले, आम्हीही येतो, पाचपर्यंत आम्हाला दुसरं काय काम आहे. मग सगळेच उठले. कुराहाशींनी मला हळूच विचारलं, हा कार्यक्रमाचा भाग आहे का?

“कार्यक्रम संपलाय साहेब,” मी म्हटलं. “तुम्हीच रेघ मारलीत.”

त्यांनी पेन खिशात ठेवलं. मग तक्ता काखेत मारला आणि भांडं उचललं.

आता आमच्याकडची दुसरी अडचण अशी, की दारापर्यंत आलेल्या माणसाला कोरड्या तोंडाने जाऊ देत नाहीत. शिगे ओबाला तिच्या गाळ्यापाशी सोडलं, तर तिने परत कढई चढवली. आमचं खाणं झालंय हे तिला सातआठ जणांनी सांगितलं. ती म्हणाली, ते तिकडे झालं, हे इकडे. चोसेई तेवढ्या वेळात बोलायला लागला. झेंडा गुंडाळलेला होता, भाषण संपलेलं होतं, म्हणून तो नेहमीसारखं बोलला. या गाळ्याची फळी युद्धानंतर कोणी कुठून उचलून आणली, शिगेच्या सासूने एका पोलिसाला कसं पिठाने माखलं, आणि त्याच पोलिसाने पुढे तिच्या नणंदेशी लग्न कसं केलं. पाहुणे हसले. कुराहाशी हसले की नाही ते दिसलं नाही, तोंडात गोळा होता.

झुकेरानच्या दुकानात तो म्हणाला की मघाशी खाली आणली ती रोजची होती. जुनी कशी आणणार, रांजण उचलत नाही. मागच्या खोलीत त्याचे पाच रांजण ओळीने आहेत. सर्वांत जुन्यातून पळीभर काढली की दुसऱ्यातून पळीभर काढून पहिला भरायचा, तिसऱ्यातून दुसरा, असं शेवटपर्यंत. म्हणजे जुना कधी संपत नाही. आमच्या शहरात वेळेचा खरा उपयोग करून घेतात तो एवढाच. झुकेरानने सर्वांना बोटभर दिली आणि मग पळी कुराहाशींच्या हातात ठेवून म्हणाला, भरा. त्यांनी दोन्ही हातांनी पळी धरली, श्वास रोखून ओतली, थेंब सांडला नाही.

“झालं,” झुकेरान म्हणाला. “तुमचा हात आता रांजणाला लागला. दहा वर्षांनी येऊन बघायला लागेल.”

कुराहाशींनी गंभीरपणे विचारलं, दहा वर्षांनी कितव्या तारखेला. झुकेरान म्हणाला, त्याच्या आसपास.

चढावर गाडी आळीपाळीने ढकलली. कुराहाशींनी दोन वळणं ढकलली, फुलांचा शर्ट पाठीला चिकटला. वर बसलेली कामादो ओबा राणीसारखी दोन्ही बाजूंना मान डोलावत होती. दारादारातून लोक तिला विचारत होते, ओबा, कुठे निघालीस? ती म्हणायची, कुठे नाही, परत आले. घरी पोचल्यावर तिने गुडघ्याचं नाव न काढता चूल पेटवली. काळ्या उसाचा गूळ आणि चहा आला, चहाच्या मागून भात. सूर्य कौलांवरच्या राखणदार मातीच्या सिंहांच्या मागे गेला तेव्हा आम्ही उठलो. सहा वाजून चाळीस मिनिटं झाली होती. घड्याळ मी पाहिलं, बाकी कोणी नाही.

चोसेईने त्या दिवसापासून झेंडा उलगडला नाही. पत्राची वाट पाहत माझ्या खोक्यावर बसायचा. पत्र बाराव्या दिवशी आलं. सोबत कुराहाशींच्या तक्त्याची प्रत होती, तेलाच्या ठशांसकट. शेरा असा: ‘कार्यक्रम तीन वाजून पंचवीस मिनिटांनी, म्हणजे नियोजित वेळेच्या आत संपला. त्यानंतर कार्यक्रम झाला. पावलं पाच हजार तीनशे सहा. उशीर: रकाना लागू नाही.’ करार एक वर्षाने वाढवला होता. खाली वेगळ्या चिठ्ठीत हाताने लिहिलं होतं, की जानेवारीत, इथल्या चेरीच्या फुलांच्या दिवसांत, ते स्वतः बायकोला घेऊन येतील. दुपारी दोन वाजता.

चोसेई आणि मी ते पत्र घेऊन चढ चढलो. वाटेत शिगे ओबा म्हणाली, तिकडचा माणूस आहे, दोन म्हणजे दोन. झुकेरान म्हणाला, हात रांजणाला लागलाय, आता दोन म्हणजे सव्वातीन. कामादो ओबाने दोन्ही मतं ऐकून घेतली, हातातला मुळा सोलत राहिली.

“बायको दोनला येईल, तो तीनला,” ती म्हणाली. “सूप मी चारला उतरवते. मला तू मागच्यासारखं अडीच सांग.”

चोसेईने चहाचा पेला खाली ठेवला. “ओबा, तुला तेव्हाच कळलं होतं?”

“सूप कधी अडीचला पितात का रे?”

“मग खाली कशाला आलीस?”

तिने मुळ्याचं साल एका लांब पट्टीत काढलं, शेवटपर्यंत, न तोडता.

“तीन वर्षं बाजार पाहिला नव्हता,” ती म्हणाली. “आणि वर कोण ढकलणार होतं? तो साहेब दिसायला दणकट होता.”